खाली राहील त्याने भरावी

आमचं घर सरकारने विकलं तेव्हा आम्ही तिघंही घरातच होतो. दादा एका शिवणयंत्राचं पोट उघडून बसला होता, सोन्या जुन्या खुर्चीत काथ्या कोंबत होता, आणि मी सुट्टी म्हणून न्हाऊन जिन्यात केस वाळवत बसले होते. तिकडे कचेरीत कुणीतरी आमच्या घराचा क्रमांक पुकारला, कुणीतरी हात वर केला, आणि व्यवहार झाला. इकडे आम्हाला साधी उचकीसुद्धा लागली नाही.

कळलं ते पुढच्या आठवड्यात. एक सभ्य गृहस्थ हातात मोजपट्टी घेऊन दारात आले. त्यांची गावभर गोदामं आहेत, हे आम्हाला नंतर समजलं. त्यांनी सोन्याला विचारलं, जरा दुसरं टोक धरता का? सोन्या सोफे-गाद्यांची कामं करतो, मोजपट्टी दिसली की त्याचा हात आपोआप पुढे होतो. गिऱ्हाईक सतरंजीचं माप घेतंय असं समजून त्याने पुढची खोली, मागची खोली, बोळ, सगळं इमानेइतबारे मोजू दिलं. वर भिंत कुठे वाकडी आहे तेही दाखवलं. शेवटी गृहस्थांनी पट्टी गुंडाळली आणि अगदी खालच्या आवाजात सांगितलं की हे घर त्यांनी लिलावात घेतलं आहे, थकलेल्या घरपट्टीपायी ते निघालं होतं, आणि मुदत संपली की ताबा घ्यायला ते माणसं पाठवतील. सामान हलवायला टेम्पो लागला तर ओळखीचा आहे, हेही म्हणाले. वाईट माणूस असता तर निदान शिव्या तरी घालता आल्या असत्या.

आता घरपट्टी थकली कशी, हे सांगायचं तर मला माझ्या दोन्ही भावांची अब्रू वेशीवर टांगावी लागेल. टांगते.

बाबा बोलायचे कमी. जाण्याआधी त्यांनी एकच व्यवस्था लावून दिली होती: खाली राहील त्याने घरपट्टी भरावी, वर राहील त्याने वीज, पाणी आणि छप्पर बघावं. खालच्याला रस्त्यावरचं दार मिळतं, धंदा त्याचा चालतो, म्हणून पट्टी त्याच्याकडे. तेव्हा दादा खाली राहायचा. पुढच्या खोलीत त्याचं शिवणयंत्रं दुरुस्त करायचं दुकान. सोन्या आईला घेऊन वर. दादाची बायको लवकर गेली, मूलबाळ नाही. सोन्याने लग्नच केलं नाही. पन्नाशी उलटली तरी तो सोन्याच राहिला. मी जिन्याच्या वळणावरच्या खोलीत. चष्म्याच्या काचा घासून फ्रेममध्ये बसवायचं माझं काम, तिथून आले की पाठ टेकायला ती खोली पुरेशी आहे. घरातला माझा हिस्सा मी बाबा गेल्यावर लिहून सोडला. दोघांत वाटणी सोपी, तिघांत भांडणं, असा तेव्हा माझा हिशेब होता. माझ्यासारखी हुशार मीच.

पुढे आईला जिना चढवेना. तेव्हा दोघांनी मजले बदलले. सोन्या आईला घेऊन खाली आला, दादाने आपली खाट वर नेली, दुकान मात्र होतं तिथेच पुढच्या खोलीत राहिलं. आई होती तोवर कुणी काही बोललं नाही, पट्टी आईच आपल्या पैशांतून भरायची. आई गेली, आणि पहिलंच बिल आलं तेव्हा दादा म्हणाला, मी वर राहतो, पट्टी खालच्याची. सोन्या म्हणाला, तुझं दुकान खाली, दिवसभर तू खाली, रात्री नुसता झोपायला वर जातोस, खालचा तूच. मी दोघांचंही ऐकलं. खरं सांगते, मला दोघांचंही पटलं. तिथेच माझा घात झाला.

शब्दाला शब्द वाढला. आईच्या आजारपणात कोण किती जागलं इथपर्यंत गाडी गेली, आणि त्यानंतर ते दोघं एकमेकांशी बोलायचे थांबले. एकाच छपराखाली, एकाच नळाचं पाणी पीत. दादाला सोन्याला काही सांगायचं असलं की तो माझ्याकडे बघून भिंतीला सांगायचा. सोन्याचं गिऱ्हाईक चुकून दुकानात शिरलं तर दादा नुसता मागच्या बाजूला अंगठा दाखवायचा.

नोटिसा यायला लागल्या. आलेली नोटीस दादा वाचायचा, घडी घालायचा आणि सोन्याच्या दाराच्या फटीतून आत सरकवायचा. सोन्या ती वाचायचा आणि जिन्याच्या कठड्याला टाचणीने लावून ठेवायचा. दुसऱ्या दिवशी ती पुन्हा फटीतून आत. माझ्या खोलीवरून ती पाकिटं इतक्या वेळा खालीवर गेली की पोस्टमनला लाज वाटावी. मी म्हटलं, मी भरते, मिटवा. तर दोघंही माझ्यावर उसळले. दादा म्हणाला, तू भरलीस म्हणजे त्याची बाजू खरी ठरते. सोन्या म्हणाला, तू भरलीस म्हणजे त्याला जन्मभर सूट मिळते. पाहा, माझ्याविरुद्ध मात्र त्यांची एकी व्हायची. मी हात टेकले. सरकार काय करणार, फार तर दंड लावील, असं मलाही वाटायचं.

शेवटची नोटीस कचेरीच्या माणसाने येऊन जिन्याच्या पायथ्याशी भिंतीवर चिकटवली. दिवसा, सगळ्यांदेखत चिकटवली असेल, पण दादा यंत्राच्या खडखडाटात होता आणि सोन्या माल आणायला गेला होता. दादा बाहेर आला तेव्हा भिंतीवर कागद. त्याला वाटलं, सोन्याने आपल्याला गिऱ्हाइकांसमोर लाजवायला लावला. सोन्या परत आला, त्याला वाटलं, दादाने आपल्याला रस्त्यावर आणायला लावला. त्यामुळे वाचायला कुणीच गेलं नाही. फाडायलाही नाही, कारण जो फाडील त्याची ती नोटीस ठरली असती. मी संध्याकाळी आले तोवर सोन्याने त्याच्यावर कापडाच्या नमुन्यांची माळ टांगून दिली होती, आणि त्या माळेखाली काय आहे हे मला त्या गोदामवाल्यांनी सांगेपर्यंत माहीत नव्हतं.

दुसऱ्याच दिवशी मी कामावर अर्धी रजा टाकून कचेरीत गेले. लांबलचक खोली, भिंतीला लागून बाक, समोर काचेच्या खिडक्या. आमच्या खिडकीतल्या बाई सर्दीने बेजार होत्या, पण बोलायला नीट. त्यांनी सांगितलं, विक्री अजून पक्की झालेली नाही. कायद्याने मालकाला एक मुदत असते. तेवढ्यात थकबाकी, व्याज, खर्च आणि खरेदीदाराच्या भरपाईची ठराविक टक्केवारी एकरकमी भरली की लिलाव रद्द, घर होतं तसं मालकाचं. मला इतकं हलकं वाटलं की मी त्यांना सर्दीवर उपाय सांगायला लागले. मग म्हटलं, मी पैसे आणते.

त्यांनी माझं नाव विचारलं, पडद्यावर पाहिलं, आणि म्हणाल्या की मालकांत तुमचं नाव नाही.

“मी बहीण आहे त्यांची. तिथेच राहते.”

“असाल हो. पण भरणा मालकाच्या नावाने होतो. भावांपैकी कुणाला तरी घेऊन या.”

सोन्याला तयार करायला मला फार बोलावं लागलं नाही. घर जातंय म्हटल्यावर त्याच्या तोंडचं पाणी पळालं होतं. माझी साठवण होती, तीत त्याने भर घातली. त्यासाठी त्याने जाड कापड शिवायचं आपलं मोठं यंत्र विकलं, जे दादाशिवाय दुसऱ्या कुणाला दुरुस्त करता येत नव्हतं, आणि बिघडलं तर कुणाला दाखवायचं म्हणून गेली काही वर्षं नुसतंच झाकून पडलं होतं. रक्कम जमली. आम्ही दोघं खिडकीशी गेलो. बाईंनी पडद्यावर पाहिलं आणि मान हलवली.

आदल्याच दिवशी दादाने हरकतीचा अर्ज केला होता. कुठल्याशा वकिलाला गाठून, आम्हाला ताकास तूर लागू न देता. नोटीस मिळाली नाही, म्हणून विक्रीच बेकायदा, असं त्यात लिहिलं होतं. बाई म्हणाल्या, एकतर विक्री चुकीची म्हणा, नाहीतर पैसे भरून सोडवा. दोन्ही एकदम होत नाही. कुठल्याही मालकाची हरकत असेल तोवर आम्ही भरणा घेऊ शकत नाही. मी विचारलं, हरकत टिकेल का? त्यांनी इकडेतिकडे पाहिलं आणि पडदा थोडा माझ्याकडे वळवला. आमच्या जिन्याचा फोटो होता. भिंतीवर चिकटवलेली नोटीस, खाली तारीख, आणि कडेला दादाच्या दुकानाची पाटी, अर्धी नाही, पुरती. काही टिकणार नव्हतं.

मुदत संपायच्या आदल्या दिवशी दुपारीच मी कामावरून निघाले आणि दादाच्या दुकानात जाऊन स्टुलावर बसले. तो एका यंत्राला तेल देत होता. मी फोटोचं सांगितलं. पैसे जमलेत, सांगितलं. उद्या शेवटचा दिवस आहे, सांगितलं. तो ऐकत होता, कारण तेल नको तिथे पडत होतं.

“चिमे, अर्ज मागे घेतला तर कागदावर काय राहतं? की नोटीस मला मिळाली होती, आणि मी भरली नाही.”

“मिळाली होतीच ना, दादा.”

“मिळाली होती. पण माझी नव्हती ती.”

मला रडूच आलं. मी म्हटलं, घर गेलं की तुझं दुकान जाईल, माझी खोली जाईल, या वयात मला कोण खोली देणार, आणि तू कागदावर काय राहतं ते बघ. तो फडक्याने हात पुसत राहिला, पुसून झाले तरी. मी उठले तेव्हा त्याने एवढंच विचारलं की सोन्याने ते मोठं यंत्र खरंच विकलं का. मी हो म्हटलं. केवढ्याला, म्हणाला. मी सांगितलं. लुबाडला त्याला, म्हणाला, आणि दिवा लावून पुन्हा यंत्रावर वाकला.

मग मी मागे सोन्याकडे गेले. तो वाकड्या सुईने खुर्चीची कड शिवत होता. मी त्याला म्हटलं, तुझ्याकडून दादाला कधी एक मऊ शब्द गेला नाही. त्याला वाटतं, तू त्याला पाण्यात पाहतोस. एकदा तरी त्याच्या मनासारखं काही कर, म्हणजे तो विरघळेल.

“त्याच्या मनात काय आहे ते मला काय ठाऊक, ताई? बोलतो का तो?”

“तू त्याच्या विरुद्ध नाहीस, एवढं त्याला दिसू दे.”

त्याने दोरा दाताने तोडला आणि बरं म्हणाला. मी त्याला बजावून ठेवलं की काहीही होवो, उद्या दुपारी पैसे आणि सहीसाठी खिडकीशी हजर राहा. दादाचं मी सकाळी पुन्हा बघते.

सकाळी दादाची खोली उघडी, खाट आवरलेली, दादा नाही. दुकानाला कुलूप. सोन्याही लवकर बाहेर पडलेला. पैशांतला माझा वाटा माझ्याजवळ होता, तो पिशवीत घालून मी कामावर गेले. त्या दिवशी एका म्हाताऱ्या बाईंच्या चष्म्यात डावी काच उजवीकडे बसवली. मालकांनीच मला म्हटलं, जा तू.

कचेरीत पोचले तेव्हा जेवणाची सुट्टी संपत आली होती. बाकावर दादा बसला होता. दाढी केलेली, इस्त्रीचा शर्ट. हातातला कागद त्याने माझ्यापुढे धरला, नजर दुसरीकडे. हरकत मागे घेतल्याचा कागद, त्यावर साहेबांची सही आणि शिक्का. कचेरी उघडायच्या आधीपासून तो दाराशी उभा होता, साहेब खुर्चीत बसले तसा पहिला आत गेला, आणि मग सरळ वकिलाकडे त्याचे उरलेले पैसे चुकते करायला गेला होता. वकील भेटला नाही, म्हणून पुन्हा इथे येऊन आमची वाट बघत बसला होता.

“भरू दे त्याला,” तो म्हणाला. “यंत्र विकून बसलाय.”

मी तिथेच त्याच्या शेजारी बसले आणि पदराने डोळे पुसले. आयुष्यात इतकं सुख मला क्वचित झालं असेल. दादा म्हणत होता, अगं लोक बघतात. बघेनात का.

सोन्या आला तो जवळजवळ पळतच. दादाला पाहून दारात थबकला. मला वाटलं, आता हा उलटपावली जातो. पण दादा बाकावर सरकला आणि त्याने हाताने जागा दाखवली.

“ये, बस. गुडघा कसा आहे?”

“दुखतो,” सोन्या म्हणाला आणि बसला.

बस, एवढंच. पण किती वर्षांनी. मी सोन्याकडून त्याची पाकिटं घेतली, माझी त्यात घातली, आणि सही लागेल तेव्हा हाक मारते म्हणून खिडकीशी गेले. त्यांना जरा बसू द्यावं असं मला वाटलं.

बाईंची सर्दी उतरली होती. मला पाहून त्या हसल्यासुद्धा. पैशांकडे पाहिलं, पडद्याकडे पाहिलं, आणि त्यांचं हसू गेलं. यावर हरकत आहे, म्हणाल्या. मी म्हटलं, ती मागे घेतली, हा बघा कागद. त्या म्हणाल्या, ती थोरल्या भावाची. ही धाकट्या भावाची आहे, वकिलामार्फत आली आहे, आज सकाळीच नोंदलेली.

मला क्षणभर काही कळलंच नाही. मग कळलं. मी त्याला दादाच्या मनासारखं काही कर म्हटलं होतं. सोन्याला दादाच्या मनातलं एकच ठाऊक होतं, तो अर्ज. म्हणून तो सकाळी उठून त्याच वकिलाला गाठायला गेला, आणि मीही भावाच्या बाजूने आहे, विक्री मलाही मान्य नाही, असं लिहून सही करून आला. त्या वकिलाने चौकशी केली नाही की याचा भाऊ तासाभरापूर्वी कचेरीत काय करून गेला. पैसे भरायच्या खिडकीवर ती हरकत आड येईल हे सोन्याच्या ध्यानात कसं आलं नाही, असं कुणीही म्हणेल. मीही म्हणते. पण भावाकडे जायची वाट इतक्या वर्षांनी सापडल्यावर माणूस खिडकीचा विचार करत नसावा.

मी म्हटलं, तो इथेच बसलाय, आत्ता मागे घेतो. बाई म्हणाल्या, साहेबांची सही लागते, साहेब जेवायच्या सुट्टीआधीच पाहणीला गेले, आज परत येणार नाहीत. मी म्हटलं, फोन करा. त्यांनी केला. मी काचेतून त्यांचा चेहरा बघत होते. त्यांनी दोनदा समजावून सांगितलं, मुदत आजच संपतेय हेही सांगितलं, मग नुसतं हो साहेब, हो साहेब म्हणाल्या आणि फोन ठेवला. त्या उठून आतल्या खोलीत जाऊन आल्या, दुसऱ्या कुणाची सही चालते का बघायला. चालत नव्हती. पैसे त्यांनी दोन्ही हातांनी माझ्याकडे परत सरकवले. उद्या विक्री पक्की होईल, म्हणाल्या. त्यांनाही वाईट वाटत होतं. पण त्याचा उपयोग काय?

मी वळून पाहिलं. बाकावर मध्ये चहाचे दोन पेले ठेवून दादा सोन्याचं बोट धरून बघत होता, सुई घुसून पिकलेलं. काहीतरी म्हणाला, सोन्या हसला. दोघं एकमेकांसारखे किती दिसतात हे मी विसरूनच गेले होते. मला वाटलं, सांगूच नये. निदान त्यांचा चहा होईपर्यंत. पण सोन्या माझ्याकडे बघून उठायला लागला, सहीसाठी खिशातलं पेन काढत, आणि मला सांगावं लागलं. तिथूनच, उभ्या उभ्या, सांगितलं.

सोन्या पेन हातात धरून उभा राहिला. दादाने सोन्याच्या खिशातून डोकावणारी त्या अर्जाची प्रत काढून वाचली, घडी घातली आणि परत त्याच खिशात ठेवली.

“मला वाटलं, एकदा तुझ्या बाजूने उभं राहावं,” सोन्या म्हणाला.

“मला वाटलं, तुला भरू द्यावं,” दादा म्हणाला.

मी वाट बघत होते की आता तरी भांडतील. भांडायलाच हवं होतं. आरडाओरड व्हायला हवी होती, काचा थरथरायला हव्या होत्या, साहेबांना रस्त्यातून परत यावं लागेल इतका तमाशा करायला हवा होता. मी मनातल्या मनात म्हणत होते, भांडा ना रे, इतकी वर्षं भांडलात. पण दादा म्हणाला, माझं चुकलं, तुला आधी सांगायला हवं होतं. सोन्या म्हणाला, नाही रे, माझंच चुकलं, मी तुला विचारायला हवं होतं. आणि दोघं एकमेकांचा दोष आपल्याकडे ओढत बसले, हळू आवाजात, एकमेकांच्या दंडाला हात लावून. किती दिवस मी हे ऐकायला जीव टाकला होता, आणि आता मला त्या दोघांना थोबाडीत मारावंसं वाटत होतं.

मी पुन्हा खिडकीकडे वळले. बाईंना म्हटलं, बघा ना काहीतरी. पैसे आहेत, मालक आहेत, दोघंही आहेत, दोघांनाही भरायचे आहेत.

बाईंनी माझ्यामागे पाहिलं. “रांग आहे हो,” त्या म्हणाल्या. “जरा बाजूला व्हाल का?”

मी पाकिटं पिशवीत घातली आणि बाजूला झाले.